दोन आठवड्यांची शिकवणी आणि दोन ऑस्कर

हान्स झिमर पियानोच्या शिकवणीला गेला तो अवघे दोन आठवडे. ‘ग्लॅडिएटर’, ‘इन्सेप्शन’, ‘ड्यून’ यांचं संगीत देणाऱ्या या माणसाचं रीतसर संगीतशिक्षण एवढंच! जन्म १९५७चा, फ्रँकफर्टचा. पोरगा इतका उपद्व्यापी की एकामागून एक शाळांनी घरी पाठवला.

१ ऑगस्ट १९८१ला अमेरिकेत एमटीव्ही सुरू झालं. पहिलं गाणं लागलं ते बगल्स या बँडचं ‘व्हिडिओ किल्ड द रेडिओ स्टार’. त्यात काळ्या कपड्यांत सिंथेसायझर वाजवणारा तरुण क्षणभर दिसतो, तोच आपला झिमर.

‘द डार्क नाइट’मधला जोकर पडद्यावर येण्याआधीच अंगावर काटा येतो, आठवतंय? झिमरने तारवाद्यांवर चक्क दाढीची पाती घासून पाहिली आणि शेवटी चेलोवरचा एकच स्वर ताणत ताणत नेला. नखाने फळा खरवडल्यावर दात जसे शिवशिवतात, अगदी तसं होतं. ‘डंकर्क’ला तर दिग्दर्शक ख्रिस्तोफर नोलनच्या स्वतःच्या घड्याळाची टिकटिक वापरली आहे.

पण मला हा माणूस खरा कळला तो ‘द लायन किंग’मुळे. बोलणाऱ्या प्राण्यांचं कार्टून त्याला करायचंच नव्हतं. घरात सहा वर्षांची लेक होती, तिला प्रीमियरला मिरवत न्यावं म्हणून हो म्हणाला. काम सुरू झालं आणि छाव्याचा बाप मुफासा याच्या मृत्यूचा प्रसंग समोर आला. झिमरचे वडील गेले तेव्हा तोही सहाच वर्षांचा होता. इतकी वर्षं दाबून ठेवलेलं दुःख त्या संगीतात उतरलं. त्यावर पहिलं ऑस्कर मिळालं.

मग ‘इंटरस्टेलर’. नोलनने सिनेमाविषयी काहीच न सांगता टाइप केलेला एक कागद हातात ठेवला. त्यात होती फक्त बाप आणि मुलाची गोष्ट. झिमरने एका दिवसात छोटीशी, हळवी धून बांधली. ती ऐकल्यावर नोलनने अंतराळ, ग्रह, तारे असं सगळं उलगडलं, तेव्हा झिमर चाटच पडला! पण धून तीच राहिली. ती वाजली लंडनच्या टेंपल चर्चमधल्या ऑर्गनवर. भात्याच्या हवेवर चालणारं हे वाद्य माणसासारखा श्वास घेतं आणि अंतराळात श्वासाइतकं मोलाचं दुसरं काय असणार?

‘ड्यून’साठी दुसरं ऑस्कर जाहीर झालं २०२२मध्ये, पहिल्यानंतर २७ वर्षांनी. त्या वेळी स्वारी दौऱ्यावर, ॲमस्टरडॅमच्या हॉटेलात, अंगात आंघोळीनंतरचा झगा!

आता नितेश तिवारींच्या ‘रामायण’साठी झिमर आणि ए. आर. रहमान एकत्र आले आहेत. तिथेही मुलगा वनाकडे निघतो आणि मागे बापाचा प्राण जातो. त्या प्रसंगाला कुठला स्वर लागतो, हे ऐकायला मी आत्तापासून कान टवकारून बसलो आहे.