घरचा अभ्यासक्रम कसा निवडावा?

गेल्या उन्हाळ्याच्या सुटींत कळमनुरींतील आमच्या ओळखीचे एक ख्रिस्ती गृहस्थ मजकडे आले. त्यांस तीन मुलें: धाकटा पांच वर्षांचा, मधली नऊ वर्षांची व थोरला चौदा वर्षांचा. त्यांच्या हातांत परदेशांतील एका ख्रिस्ती अभ्यासक्रमाचें माहितीपत्रक होतें. "गुरुजी, मुलांस घरीं प्रभूच्या शिक्षणांत वाढवावें अशी फार इच्छा आहे. हा संच मागवूं काय?" असें त्यांनीं विचारलें. त्या दिवशीं त्यांचें समाधान अर्धवटच झालें. असा प्रश्न विचारणारे ते एकटेच नव्हेत. म्हणून या अंकाच्या निमित्तानें त्याचा नीट विचार करावा असें योजिलें आहे.

दुसऱ्यास सांगण्यापूर्वीं स्वतःची चूक सांगणें बरें. मार्च २०२० मध्यें साथीमुळें शाळा बंद झाल्या, तेव्हां माझी मुलगी बारा वर्षांची व मुलगा सहा वर्षांचा होता. एका स्नेह्याकडून मीं असाच एक परदेशी संच मिळविला आणि दोघांस एका चटईवर बसवून मोठ्या हौसेनें शिकवूं लागलों. पुस्तकें सुरेख होतीं. मुलीस इंग्रजी येत असल्यामुळें तिचें बरें चाललें. मुलाच्या पुस्तकांत मात्र बर्फाचा माणूस, सफरचंदांच्या बागा आणि डॉलर व सेंट यांचीं गणितें. शास्त्रवचनेंही इंग्रजींतच पाठ करावयाचीं होतीं. त्यानें तीं बिनचूक पाठ केलीं व मला त्याचा अभिमान वाटला. पुढें एका रात्रीं निजतेवेळीं त्याच्या आईनें त्यास नेहमींप्रमाणें प्रार्थना करावयास सांगितलें, तों तो गप्प बसला. पुष्कळ विचारल्यावर हळूच म्हणाला, "आई, येशूला मराठी समजतें का?"

त्या रात्रीं मला झोप आली नाहीं. बोलूं लागल्यापासून जें मूल आपल्या बोबड्या मराठींत देवाशीं बोलत होतें, त्याच्या तोंडची ती भाषा मीं तीन महिन्यांत काढून घेतली होती. दोष पुस्तकांचा नव्हता. ज्या मुलांसाठीं तीं लिहिलीं होतीं त्यांस तीं उत्तमच असतील. दोष निवडणाराचा होता. मीं पुस्तक आधीं पाहिलें व मूल मागाहून. म्हणून या लेखांत सांगावयाचें तें इतकेंच कीं, आधीं मुलाचें वय, त्याची भाषा व त्याचें गांव पाहावें आणि मग पुस्तकाकडे वळावें.

हा विचार नवा नाहीं. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज जेसुइट धर्मगुरु १५७९ मध्यें गोव्यास आले. तेथील नव्या ख्रिस्ती कुटुंबांचीं जुनीं पुराणें सुटलीं होतीं. प्रश्नोत्तरावली पाठ होत होती, परंतु घरीं बसून आवडीनें वाचावें असें कांहीं हातांत नव्हतें. त्यांच्या ग्रंथाच्या आरंभीं असा प्रसंग आहे कीं, धर्मशिक्षणाच्या वेळीं एक ब्राह्मण उठून हीच अडचण त्यांच्यापुढें मांडतो. स्टीफन्स यांनीं विलायतेहून पुस्तक मागविलें नाहीं. त्यांनीं मराठी ओव्यांत 'क्रिस्तपुराण' रचलें, व तें १६१६ मध्यें छापून निघालें. तीनशें वर्षांनीं पंडिता रमाबाई यांनीं हेंच धोरण धरिलें. त्या स्वतः बाळपणीं कोणत्याही शाळेंत न जातां आईजवळ संस्कृत शिकल्या होत्या. साध्या बायकांस समजेल अशा सोप्या मराठींत शास्त्राचें भाषांतर करण्यासाठीं त्या १९२२ मध्यें मृत्यु येईपर्यंत झटल्या.

आतां वयाचा विचार करूं. कोमेनियस (१५९२–१६७०) या थोर शिक्षणशास्त्रज्ञ बिशपांनीं पहिल्या सहा वर्षांस आईच्या मांडीवरची शाळा मानिलें, आणि त्यापुढील सहा वर्षें मातृभाषेच्या शाळेस दिलीं. परभाषेची पाळी त्यानंतरची. आपल्या घरासाठींही याच तीन पायऱ्या सोयीच्या आहेत.

पहिली पायरी सहा-सात वर्षांपर्यंतची. या वयास छापील अभ्यासक्रमाची गरज जवळजवळ नसते. सांगितलेली गोष्ट, गाइलेलें भजन व हातानें केलेलें काम हींच त्याचीं पुस्तकें होत. वर्षभरांत दहा-बारा गोष्टी पुरेत, कारण लहान मुलास नवी गोष्ट नको असते, तीच पुन्हा हवी असते. हरवलेल्या मेंढराची गोष्ट सांगावयास रंगीत चित्र कशाला? कयाधूच्या कांठीं मेंढरें चारणारा धनगर त्यानें पाहिलेला असतो. तुरीचे दाणे मोजावे, हळदीचीं कुडीं लहानमोठीं निवडून मांडावीं. गणिताचा पाया यांतच पडतो. ज्या घरांत बंजारा, तेलुगु अथवा उर्दू बोलतात, तेथें गोष्ट आधीं त्या बोलींत सांगावी. तीमथ्याचा विश्वास त्याची आजी लोईस व आई युनीके यांच्यापासून आलेला होता, हें पौलानें मुद्दाम नमूद केलें आहे.

दुसरी पायरी सात ते अकरा वर्षांची. या वयांत वाचन पक्कें झालें पाहिजे. भाषा व गणित यांसाठीं बालभारतीचीं पाठ्यपुस्तकें उत्तम. तीं स्वस्त आहेत व भ्रमणध्वनीवर विनामूल्यही उतरवून घेतां येतात. शास्त्रासाठीं मार्काचें शुभवर्तमान घ्यावें. त्याचे अध्याय अवघे सोळा. आठवड्यास एक घेतला तर चार महिन्यांत संपूर्ण होतें. इंग्लंडांतील शिक्षिका शार्लट मेसन (१८४२–१९२३) यांची रीत येथें फार उपयोगी पडते. उतारा एकदांच वाचावा, पुस्तक मिटावें, आणि मुलानें तो आपल्या शब्दांत सांगावा. मुलास काय समजलें व काय नाहीं हें त्यावरून लागलीच कळतें. मग त्यानें दोन ओळी वहींत लिहाव्या. बाजारांतून आणलेल्या सामानाचा हिशेब त्याजकडेच द्यावा. गालील व यरुशलेम यांचा नकाशा आपल्या जिल्ह्याच्या नकाशाशेजारीं ठेवावा, म्हणजे तीं खरींच स्थळें आहेत हें त्याच्या मनांत ठसतें.

तिसरी पायरी बारा वर्षांपुढची. ही सर्वांत नाजूक. या वयाचें मूल प्रश्न विचारतें, व विचारावेच. ज्या पुस्तकांत प्रत्येक प्रश्नाचें उत्तर आधींच छापलेलें असतें, तें या वयास फारसें कामाचें नाहीं. नीतिसूत्रांचे एकतीस अध्याय महिन्याच्या तारखेप्रमाणें वाचतां येतात. लूक व प्रेषितांचीं कृत्यें हीं ओळीनें वाचावीं. त्यांजबरोबर आपल्याच माणसांचीं चरित्रें द्यावीं: बाबा पदमनजींचा 'अरुणोदय', लक्ष्मीबाई टिळकांचीं 'स्मृतिचित्रें'. लग्नानंतर नवऱ्याकडून घरींच अक्षरें शिकलेली स्त्री किती उंच जाऊं शकते, हें त्या पुस्तकावरून मुलींस कळेल. आपल्याच जिल्ह्यांत नर्सी हें संत नामदेवांचें गांव आहे. ख्रिस्ती मुलास त्यांची आदरपूर्वक ओळख असावी. रेव्ह. नारायण वामन टिळकांनीं संतांच्या वळणावरच भजनें रचलीं, हें विसरूं नये. विज्ञानाचें भय दाखविणारें पुस्तक मात्र घेऊं नये. सत्य शोधणाऱ्या मुलाचा देव सत्यास भीत नाहीं. इंग्रजी पुस्तकांसही या वयांत योग्य जागा आहे.

येथें पालक म्हणतील, "घर एक, खोली एक, मुलें तीन, हें जमावें कसें?" याचा उलगडा सुझॅना वेस्ली (१६६९–१७४२) यांच्या घरीं सांपडतो. त्यांच्या एकोणीस मुलांपैकीं दहा जगलीं. त्यांस त्यांनीं घरीं शिकविलें, आणि शिवाय आठवड्यांतून एक संध्याकाळ एकेका मुलाशीं एकांतांत बोलण्यासाठीं राखून ठेविली. जॉनची पाळी गुरुवारीं असे. मनाजोगीं पुस्तकें नव्हतीं तेव्हां त्यांनीं मुलांसाठीं धर्माचे धडे स्वतः लिहून काढिले. आपणही तसेंच करावें. गोष्ट, भजन व प्रार्थना यांत सर्वांनीं एकत्र बसावें. अर्धा तास पुरे. वाचन, लेखन व गणित मात्र ज्याचें त्यास वेगळें द्यावें. थोरल्यानें धाकट्यास गोष्ट सांगावी. त्यांत दोघांचाही अभ्यास होतो.

यानंतरही एखादा संच विकत घ्यावासा वाटल्यास आधीं चार प्रश्न विचारावे. हा माझ्या मुलाच्या भाषेंत आहे काय? यांतील शेत, घर, पैसा व ऋतु त्यानें पाहिलेले आहेत काय? आईबापांस तो स्वतः समजून शिकवितां येईल काय? हीं पुस्तकें त्याच्या पाठच्या भावंडास उपयोगी पडतील काय? यांपैकीं दोहोंचें उत्तर 'नाहीं' असें आल्यास पैसे जवळच ठेवावे.

एक सूचना कायद्यासंबंधीं. २००९ चा बालशिक्षणहक्काचा कायदा १ एप्रिल २०१० पासून अमलांत आहे. सहा ते चौदा वर्षांच्या मुलास जवळच्या शाळेंत दाखल करणें हें त्यानें पालकांचें कर्तव्य ठरविलें आहे. म्हणून बहुतेक घरीं हा अभ्यास शाळेच्या जोडीनें चालावा, तिच्या बदलीं नव्हे. आजारपण किंवा स्थलांतर यांमुळें ज्यांची शाळा सुटली असेल, त्यांच्यासाठीं राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्था आहे. तिसरी, पांचवी व आठवी यांच्या बरोबरीच्या पायऱ्या तेथें आहेत, व चौदा वर्षें पूर्ण झाल्यावर दहावीच्या बरोबरीच्या परीक्षेसाठीं नांव नोंदवितां येतें. ऊसतोडीस आईबापांबरोबर जाणाऱ्या मुलांच्या पालकांनीं हें अवश्य ध्यानांत ठेवावें.

ते गृहस्थ पुढें पुन्हा भेटले. संच त्यांनीं मागविला नाहीं. तीन वह्या, मराठी शास्त्र व 'उपासना संगीत' एवढ्यावर त्यांचें घर रोज रात्रीं जेवणानंतर बसतें. माझ्या मुलानें पुन्हा आपल्या शब्दांत प्रार्थना करावी यास पुढें चार महिने लागले. त्या रात्रीं त्यानें आपल्या शेळीच्या आजारी करडासाठीं मागणें केलें. तें मागणें अगदीं आमच्या कळमनुरीच्या बोलींत होतें, आणि तें ऐकून त्याच्या आईच्या व माझ्या डोळ्यांस पाणी आलें.