भेगाळणारी काळी जमीन

लातूर आणि नांदेड जिल्ह्यांतील काळी जमीन सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी थिजलेल्या लाव्ह्याच्या बेसाल्ट खडकापासून तयार झाली आहे. खडक झिजून त्यात स्मेक्टाइट गटाची चिकणमाती बनते. तिच्या पापुद्र्यांत पाणी शिरले की ती फुगते, वाळली की आकसते. म्हणूनच उन्हाळ्यात रानात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि पावसाळ्यात तीच माती वखराच्या पासेला चिकटून बसते.

पहिला पाऊस भेगांतून खोल मुरतो. माती फुगून भेगा मिटल्या, की मुरण्याचा वेग फार मंदावतो. मग जोराच्या सरीचे पाणी वरचा सुपीक थर घेऊन ओढ्याला लागते आणि सखल भागात पीक पिवळे पडते. माळावरच्या उथळ, मुरमाड जमिनीत मात्र ओल टिकतच नाही. पावसाने ओढ दिली की सोयाबीन माना टाकते.

यावर रुंद वरंबा-सरी पद्धत उपयोगी ठरते. पीक वरंब्यावर वाढते, जादा पाणी सरीतून निघून जाते आणि बेताच्या पावसाचे पाणी सरीतच मुरते. उताराला आडवी पेरणी आणि बांधबंदिस्ती मातीची धूप रोखते. उघडिपीत वेळेवर केलेली कोळपणी भेगा बुजवून ओल राखते. शेणखताने मातीची घडण सुधारते.

एप्रिल 2016 मध्ये लातूर शहराला मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले होते. शिवारातला पाऊस शिवारातच मुरवणे किती निकडीचे आहे, हे त्यावरून कळते. खरिपाआधी प्रत्येक शेतकऱ्याने रानाचा उतार पाहूनच पेरणीची दिशा ठरवावी.