सुकुमार सेन यांची मतदारयादी

स्वतंत्र भारताच्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीसाठी याद्यांचे काम चालू असता बिहार, उत्तर प्रदेश, राजस्थान या भागांत नोंदणी करणारे कारकून एका विलक्षण अडचणीत सापडले. घरातील स्त्रिया परक्या पुरुषाला आपले नाव सांगावयास तयार होईनात. पतीचे नाव न उच्चारण्याची रीत आणि तीतून वाट काढणारा उखाणा मराठी श्रोत्यांच्या परिचयाचा आहे. येथे संकोच स्वतःच्याच नावाचा होता. कारकुनांनी सोपी युक्ती काढली. 'अमक्याची आई', 'तमक्याची बायको' असे लिहून ते पुढच्या दारी गेले.

या नोंदी पहिले मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांच्यापुढे आल्या. कलकत्त्याच्या प्रेसिडेन्सी कॉलेजात आणि पुढे लंडन विद्यापीठात शिकलेले, गणितात सुवर्णपदक मिळविलेले हे बंगाली गृहस्थ. आय. सी. एस. मध्ये शिरल्यावर जिल्ह्याजिल्ह्यांतून आणि न्यायासनावर त्यांची वर्षे गेली. पश्चिम बंगालचे मुख्य सचिव असताना, मार्च 1950 मध्ये, त्यांना दिल्लीस बोलाविण्यात आले. पंतप्रधान नेहरूंना 1951 च्या वसंतातच निवडणूक उरकावी असे वाटत होते. सेन यांनी त्यांना थांबावयास सांगितले. सुमारे 17 कोटी 60 लक्ष मतदार, त्यांतील शेकडा 85 निरक्षर, आणि पूर्वीची उपयोगी पडेल अशी यादीच नाही, हा हिशेब गणितज्ञाला दिसत होता.

नावावाचून असलेल्या नोंदी स्वीकारावयाच्या नाहीत, असा निर्णय सेन यांनी दिला. नावे मिळविण्यासाठी बिहारला एक महिन्याची जादा मुदत मिळाली आणि तिचा उपयोगही झाला. तरीही अखेरीस सुमारे 28 लक्ष स्त्रिया यादीबाहेर राहिल्या. हा आकडा लहान नाही. थोडा कनवाळू अधिकारी असता तर त्याने त्या नोंदी तशाच राहू दिल्या असत्या, आणि त्याला कोणी फारसा दोषही दिला नसता. परंतु मतदानकेंद्रावर 'अमक्याची बायको' म्हणून उभी राहणारी स्त्री तीच कशावरून? शिवाय राज्यघटनेने मत दिले होते ते त्या स्त्रीला, तिच्या नवऱ्याच्या घराला नव्हे. यावरून ओरड झाली तर पुढच्या वेळी नावे मिळतील, असाही सेन यांचा कयास होता. तो खरा ठरला. 1957 च्या याद्यांत ही उणीव पुष्कळ अंशी भरून निघाली. 1952 साली ज्यांचे मत बुडाले त्यांचे मात्र ते बुडालेच.

बाकीचा व्याप सर्वश्रुत आहे. निरक्षरांसाठी प्रत्येक उमेदवाराची स्वतंत्र पेटी आणि तीवर त्याचे चिन्ह. मतदाराने कोरी मतपत्रिका हव्या त्या पेटीत टाकावयाची. अशा वीस लक्षांवर पोलादी पेट्या लागल्या; त्यांपैकी बारा लक्षांहून अधिक मुंबईजवळच्या विक्रोळीत गोदरेजच्या कारखान्यात घडविल्या गेल्या. हिमाचलातील चिनी येथे बर्फाने वाटा बंद होण्यापूर्वी, म्हणजे ऑक्टोबर 1951 मध्येच, मतदान आटोपले. इतरत्र ते फेब्रुवारी 1952 पर्यंत चालले. पुढे 1953 साली सुदानातील निवडणुकीसाठी नेमलेल्या आंतरराष्ट्रीय आयोगाचे अध्यक्षपद सेन यांच्याकडे आले.

दुसरी निवडणूकही त्यांच्याच देखरेखीखाली झाली. पहिल्या वेळच्या पेट्या त्यांनी जपून ठेवावयास लावल्या होत्या. नव्या फार थोड्या कराव्या लागल्या आणि कोट्यवधी रुपये वाचले. काटकसरीच्या घरात मोठे झालेल्या कोणालाही ही गोष्ट आवडावी. 1958 च्या अखेरीस ते निवृत्त झाले आणि 1960 मध्ये बरद्वान विद्यापीठाचे पहिले कुलगुरू झाले. आत्मचरित्र त्यांनी लिहिले नाही. पहिल्या निवडणुकीचा त्यांचा सरकारी अहवाल उपलब्ध आहे, आणि गाळलेल्या 28 लक्ष नावांचा हिशेब त्यात त्यांनी स्वतःच दिला आहे.