सावलीवरून उंची : समरूप त्रिकोणांचा एक पाठ

समरूप त्रिकोणांची व्याख्या मुलांस पाठ असते. अर्थ मात्र अंगणातील उन्हातच उमगतो. शिक्षकांनी सपाट जमिनीवर १ मीटरची काठी ओळंब्यात उभी करावी. तिची सावली ८० सेंटिमीटर व त्याच वेळी ध्वजस्तंभाची सावली ४ मीटर भरली, तर स्तंभ ५ मीटर उंच होय. दोन्हीकडे एक कोन काटकोन असतो. सूर्यकिरणांचा जमिनीशी होणारा कोनही सारखाच. म्हणून आकार एक, बाजू प्रमाणात. नंतर अर्ध्या तासाने केवळ स्तंभाची सावली पुन्हा मोजवावी व उत्तर का चुकले, हे मुलांकडूनच काढून घ्यावे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (इ. स. ११५०) छायागणिताचे स्वतंत्र प्रकरण आहे. उंची मोजण्यासाठी कोणाही मुलास झाडावर चढविण्याचे कारण नाही.