राखणीच्या कुत्र्याच्या नखांची निगा

शिरूर व दौंड या तालुक्यांत कुत्रा हा शेतकऱ्याचा व मेंढपाळाचा जुना सोबती आहे. माळरानावर रात्री वाघरीत बसलेल्या मेंढ्यांची तो राखण करतो. भीमा व घोड या नद्यांच्या काठच्या उसाच्या पट्ट्यात बिबट्याचा वावर असतो. तेथे धोक्याची पहिली सूचनाही तोच देतो. बैलाला वेळेवर नाल मारण्याची काळजी घेणारे अनेक शेतकरी कुत्र्याच्या नखांकडे मात्र दुर्लक्ष करतात. नखांमुळे लंगडणारा कुत्रा राखणीस निरुपयोगी ठरतो.

नखे का वाढतात?

कळपाबरोबर मुरमाड जमिनीवर हिंडणाऱ्या कुत्र्याची नखे आपोआप झिजतात. वस्तीवर साखळीने बांधलेल्या कुत्र्याची नखे झिजत नाहीत. ती वाढली म्हणजे बोटे वर ढकलली जातात, चाल बिघडते आणि नख जाळीत अडकून मुळापासून मोडते. पुढच्या पायाच्या आतील बाजूस, जमिनीपासून उंच असणारे पाचवे नख विशेष घातक होय. ते जमिनीस टेकत नसल्यामुळे हिंडत्या कुत्र्यातही वाढते आणि वळून मांसात रुतते. अशा जखमेवर माशा बसून अळ्या पडतात.

कापण्याची रीत

महिन्यातून एकदा कुत्र्यास कठीण, सपाट जागेवर उभे करून पाहावे. नखे जमिनीस टेकत असतील तर ती कापावीत. सकाळच्या थंड वेळी, ओळखीच्या माणसाने कुत्र्यास धरावे. मऊ कापडाच्या पट्टीने तोंड बांधून गाठ कानांमागे मारावी. काम होताच पट्टी सोडावी. धापा टाकणाऱ्या कुत्र्याचे तोंड बांधू नये.

कुत्र्याची नखे कापण्याची धारदार कात्री वापरावी. विळा, अडकित्ता किंवा लोकर कातरण्याची बोथट कातर वापरू नये. त्यांनी नख चिरडते. नखाच्या आत रक्तवाहिनी असते. पांढऱ्या नखात ती गुलाबी दिसते. तिच्यापुढे सुमारे २ मिलिमीटर जागा सोडून कापावे. काळ्या नखाचे पातळ काप घ्यावेत व कापलेल्या भागाच्या मध्यभागी ओलसर ठिपका दिसताच थांबावे. फार वाढलेले नख एकदम आखूड करू नये. दर आठ-दहा दिवसांनी थोडे थोडे कापल्यास आतील रक्तवाहिनीही मागे सरते. शेवटी कडा कानशीने घासाव्यात.

रक्त आल्यास तुरटीची पूड लावून स्वच्छ कापडाने पाच मिनिटे दाबून धरावे. नख मांसात रुतले असेल किंवा अळ्या पडल्या असतील तर रॉकेल अथवा फिनेल ओतू नये. कुत्र्यास पशुवैद्यकीय दवाखान्यात न्यावे.

माणसाची सुरक्षितता

कुत्र्यास दरवर्षी पिसाळरोगाची लस टोचून घ्यावी. वागणूक अचानक बदललेल्या, लाळ गाळणाऱ्या कुत्र्यास हात लावू नये. कुत्रा चावला किंवा त्याने ओरखडले तर जखम साबणाने व वाहत्या पाण्याने १५ मिनिटे धुवावी आणि त्याच दिवशी आरोग्य केंद्रात जावे. जखमेवर हळद, चुना किंवा तिखट लावू नये.

पिलू लहान असतानाच त्याचे पाय रोज हातात घेण्याची सवय ठेवल्यास पुढे ते नखे कापू देते. गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी लसीकरण शिबिराच्या दिवशी पशुवैद्यकांकडून एका कुत्र्यावर ही रीत प्रत्यक्ष करून दाखवावी. एकदा डोळ्यांनी पाहिलेले काम शेतकरी सहज उचलतो.