पन्हाळ्याच्या दगडांत मुरलेल्या भाषा

पाहुणे आले की त्यांना पन्हाळा दाखवायचा, हा कोल्हापूरकरांचा रिवाज. गाडी वीसेक किलोमीटर धावते, घाट चढते आणि बाजीप्रभूंच्या पुतळ्यापाशी पहिला फोटो होतो. तिथून बहुतेक जण सज्जा कोठीकडे वळतात. मी मात्र पाहुण्यांना आधी अंबरखान्यात, म्हणजे गडाच्या जुन्या धान्यकोठारांत नेतो.

त्यातल्या गंगा कोठीच्या दारातून आत पाऊल टाकलं की बाहेरचं ऊन, गाड्यांचे हॉर्न, सहलीच्या पोरांचा कालवा, सगळं मागे पडतं. सुरुवातीला काहीच दिसत नाही. मग हळूहळू अंधारातून कमानी पुढे येतात, एकामागे एक, जाडजूड आणि बुटक्या खांबांवर तोललेल्या. सोळा खण आणि प्रत्येक खणावर चपटा घुमट. कोठीच्या माथ्यावर जायला बाहेरून दगडी पायऱ्या आहेत. भात, नाचणी, वरी असं धान्य इथे साठवायचे आणि एकट्या गंगा कोठीत पंचवीस हजार खंडी मावायचं असं सांगतात. भिंतीला हात लावून बघा. वैशाखातही ती गार लागते.

आता ही इमारत कुणाची? बांधणी नखशिखांत विजापूरची. कमानीचा बाक, दारावरच्या छोट्या सज्जाचा घुमट, चुन्यातलं नक्षीकाम, सगळं आदिलशाही. आणि तीन कोठ्यांची नावं काय, तर गंगा, यमुना, सरस्वती. घुमट विजापूरचे आणि नावं प्रयागाची, यात इथल्या कुणालाही काही वावगं वाटत नाही. पन्हाळा समजून घ्यायचा तर सुरुवात इथूनच करावी, असं माझं मत आहे. किल्ल्याच्या पोटातला हा बालेकिल्ला, आणि किल्ल्याचा सगळा स्वभाव त्यात उतरलेला आहे.

आपण मराठी माणसं पन्हाळा म्हटलं की एका रात्रीत जाऊन उभे राहतो. जुलै १६६० ची ती मुसळधार रात्र. मार्चपासून विजापूरच्या सिद्दी जौहरचा वेढा, राजदिंडीतून निसटलेली शिवाजी महाराजांची पालखी, शिवा काशीद यांचं बलिदान, घोडखिंडीत, म्हणजे आजच्या पावनखिंडीत, बाजीप्रभूंनी दिलेली झुंज. दर पावसाळ्यात हजारो पोरं पन्हाळा ते पावनखिंड चिखल तुडवत चालतात, आणि त्यांच्याबरोबर चालताना माझ्याही अंगावर काटा येतो. ती रात्र मोठीच आहे. पण किल्ला त्या रात्रीच्या आधी साडेचारशे वर्षं उभा होता आणि नंतरही त्याने बरंच काही पाहिलं. त्यातलं आपल्याला फार थोडं ठाऊक असतं.

हा गड बांधला शिलाहारांनी, बाराव्या शतकाच्या अखेरीस, दुसऱ्या भोजाच्या कारकिर्दीत. कोल्हापूरचे हे शिलाहार स्वतःला महालक्ष्मीच्या वराने धन्य झालेले म्हणवत. पण त्यांचे शिलालेख वाचायला बसलात तर मराठी शोधून सापडणं कठीण. बहुतेक लेख कानडी, बाकीचे संस्कृत. त्यांच्या लेखांत किल्ल्याचं नाव ‘प्रणालक’ असं येतं. पुढे ‘पर्णाल’ झालं, ‘पन्नगालय’ म्हणजे नागांचं घर अशीही व्युत्पत्ती लावली गेली, आणि लोकांच्या जिभेवर घासून घासून उरला तो पन्हाळा. भोजराजाचं राज्य देवगिरीच्या सिंघण यादवाने तेराव्या शतकाच्या सुरुवातीला घेतलं. ज्याने गड बांधला त्याला तो फार दिवस लाभला नाही.

यादवांनंतर बहमनी आले. त्यांचा वजीर महमूद गावान कोकणच्या मोहिमेवर असताना १४६९ चा पावसाळा इथेच काढून गेला. पुढे विजापूरची आदिलशाही आली आणि आज आपण जो तट बघतो त्याचा बराचसा भाग तिने उभारला. तीन दरवाजा त्याच काळातला. याला कोकण दरवाजाही म्हणतात. इथे माझे पाय हमखास रेंगाळतात. वर इब्राहिम आदिलशहाच्या काळातला फारसी लेख कोरलेला, अक्षरं एकमेकांत गुंतलेली, वळणदार. आणि त्याच दरवाज्याच्या कोरीव पट्टीवर छोटासा गणपती. गणपती मराठ्यांच्या अमलात आला, असं सांगतात. नव्या धन्याने आपला देव बसवला आणि जुन्या धन्याचा लेख तसाच राहू दिला. एक छिन्नी आणि दोन तासांचं काम होतं. कुणी केलं नाही.

अंधारबावही आदिलशाहीतली. वरून पाहिलं तर काळ्या दगडाची साधी इमारत, आत मात्र तीन मजले. तळाला पाणी, मधल्या मजल्यावर पहाऱ्याच्या शिपायांसाठी कोनाडे आणि तटाबाहेर निसटायची वाट. शत्रूने पाण्यात विष कालवू नये म्हणून विहिरीलाच किल्ला केलेला. विजापूरकरांनी बांधली, मराठ्यांनी वापरली. पाणी कुणी काढलं हे पाण्याला कळत नाही.

मराठ्यांकडे गड पहिल्यांदा आला तो नोव्हेंबर १६५९ मध्ये, अफजलखानाच्या वधानंतर अठरा दिवसांनी. १६६० च्या वेढ्यानंतर तो पुन्हा विजापूरकडे गेला. मग मार्च १६७३ मध्ये कोंडाजी फर्जंदांनी साठ माणसं घेऊन एका रात्रीत तो जिंकला. या पराक्रमावर जयराम पिंड्ये या कवीने लगोलग काव्य रचलं, ‘पर्णालपर्वतग्रहणाख्यान’. ते त्याने संस्कृतात लिहिलं. भोजराजाच्या ताम्रपटांची भाषा साडेचारशे वर्षांनी पुन्हा याच डोंगराचं वर्णन करायला आली, पण राजा आता वेगळा होता आणि गड स्वराज्याचा होता. महाराजांनी गडावरच्या सोमेश्वराला लाखभर चाफ्याची फुलं वाहिली, अशी इथली आठवण आहे. सोमेश्वराच्या तळ्यापाशी उभं राहिलं की ती खरी वाटते.

याच गडावर १६८० च्या प्रारंभी शिवराय आणि शंभूराजे यांची शेवटची भेट झाली. त्यावर पुष्कळ लिहून झालंय, मी त्यात भर घालत नाही.

ज्याकडे फारसं कुणाचं लक्ष जात नाही अशी एक गोष्ट सांगतो. इंग्रज या गडाच्या पायथ्याशी तीनदा आले. पहिल्यांदा १६६० मध्ये. राजापूरच्या वखारीतला हेन्री रेव्हिंग्टन तोफ आणि दारूगोळा घेऊन सिद्दीच्या मदतीला आला आणि त्याने गडावर गोळे टाकले. पुढच्याच वर्षी महाराजांनी राजापूरची वखार खणून काढली. दुसऱ्यांदा १७०१ मध्ये. औरंगजेब स्वतः पन्हाळ्याला वेढा घालून बसला होता आणि इंग्लंडच्या राजाचा वकील सर विल्यम नॉरिस व्यापाराच्या सवलती मागायला त्याच्या छावणीत हजर झाला. सवलती मिळाल्या नाहीत. नॉरिस परतीच्या वाटेवर जहाजातच वारला. गड मोगलांकडे गेला, पण मराठ्यांनी थोड्याच वर्षांत तो परत घेतला.

मधला काळ ताराराणींचा. पन्हाळा ही करवीर राज्याची राजधानी झाली ती त्यांच्यामुळे, आणि १७८२ पर्यंत राहिली. तेव्हा गडावर दरबार होता, पेठ होती, विद्वान होते. मोरोपंत १७२९ मध्ये इथेच जन्मले आणि पाध्ये बंधूंकडे इथेच शिकले. आर्या वृत्ताला मराठीत त्यांच्याइतकं कुणी खेळवलं नाही, आणि ती तालीम या डोंगरावरची. ज्या गडाच्या पहिल्या धन्यांचे बहुतेक लेख कानडीत होते, त्याने मराठीला तिचा एक थोर पंडित कवी दिला. करवीरची गादी कोल्हापुरात उतरल्यावर हळूहळू गर्दी ओसरली.

इंग्रज तिसऱ्यांदा आले ते १८४४ मध्ये. कोल्हापूर संस्थानातल्या गडकऱ्यांच्या पिढीजात जमिनींवर नव्या कारभाराने हात घातला, तेव्हा सामानगडापासून उठाव पेटला. गडकऱ्यांनी कर्नल ओव्हान्स नावाच्या अधिकाऱ्याला पकडून पन्हाळ्यावर कैदेत ठेवलं. डिसेंबरात इंग्रजांच्या तोफांनी तट फोडला. मग चार दरवाजा पाडला गेला. आज आपली गाडी जिथून गडावर शिरते, तिथे तो होता. पन्हाळ्याची एक सबंध वास्तू मुद्दाम पुसली ती इथे.

पुसण्याची गोष्ट निघालीच आहे, तर आता जरा दूर जाऊ या. ग्रीसमध्ये अथेन्सच्या टेकडीवर अक्रोपोलिस आहे. पार्थेनॉन इसवीसनापूर्वी पाचव्या शतकात अथीना देवीचं मंदिर म्हणून उभं राहिलं, पुढे मेरीमातेचं चर्च झालं, तुर्कांच्या काळात मशीद झाली, आणि १६८७ मध्ये व्हेनिसच्या तोफगोळ्याने त्यात साठवलेली दारू पेटून मधला भाग उडाला. ग्रीस स्वतंत्र झाल्यावर नव्या राज्याने ठरवलं की या टेकडीवर फक्त प्राचीन ग्रीस दिसला पाहिजे. मशीद गेली, घरं गेली, १८७०च्या दशकात मध्ययुगातला मनोराही गेला. आज जे दिसतं ते फार देखणं आहे. पण तिथे दोन हजार वर्षं माणसं राहत होती, हे मात्र वाचूनच कळतं.

ग्रीस आपल्यापासून वाटतो तितका दूरही नाही. कोल्हापुरात पंचगंगेकाठी ब्रह्मपुरीच्या टेकाडात १९४०च्या दशकात सातवाहनकालीन वस्ती सापडली. तिथे निघालेली, वीतभर उंचीचीही नसलेली पोसायडनची कांस्यमूर्ती टाऊन हॉलच्या संग्रहालयात आहे. समुद्रापासून घाटांपलीकडे असलेल्या या गावात ग्रीकांचा समुद्रदेव कोकणच्या बंदरांवरून व्यापाऱ्यांच्या गाठोड्यातून आला असणार.

अक्रोपोलिसचं असं झालं, म्हणून जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा ठरवलं आणि त्यात पन्हाळा आला, तेव्हा आनंदाबरोबर मला एक काळजीही वाटली. या बाराजणांत पन्हाळ्याचं वेगळेपण हे की इथे आजही गाव नांदतं. नगरपरिषद आहे, शाळा आहेत, तळ्याकाठी दर्गा आहे, देवळांत रोज दिवा लागतो, आणि पावसात दरड कोसळली की घाटाबरोबर सगळं गाव अडकतं, २०२१ ला अडकलं तसं. मराठ्यांचा किल्ला म्हणून गौरव झाला तो योग्यच आहे, कारण या दगडांसाठी रक्त सांडलं ते मराठ्यांनी. पण जतन करताना शिलाहारांचं नाव, फारसी लेख, तळ्याकाठचा दर्गा आणि आजच्या माणसांची घरं यांतलं काहीही अडगळ समजून बाजूला सारू नये. शिवरायांनी स्वतः आदिलशाही लेख पुसला नव्हता.

परवा पाहुण्यांना घेऊन संध्याकाळी तीन दरवाज्यापाशी थांबलो. बाहेर मावशी चुलीवर भाकरी थापत होत्या. झुणका, खर्डा, दही, कांदा. पाहुण्यांची धाकटी मुलगी दरवाज्याखाली मान वर करून उभी होती.

“आजी, हे काय लिहिलंय?” तिने मावशींना विचारलं.

“फारसी हाय बाळ ते. मला वाचाय येत न्हाई. पण गणपती दिसला का तुला? तो बघ, तिथं.”

मुलीला आधी दिसेना. मावशींनी तवा खाली उतरवला, उठून तिच्याजवळ गेल्या, तिला उचलून कडेवर घेतलं आणि बोटाने दाखवला. मग त्याच बोटाने, डावीकडून नव्हे, उजवीकडून, फारसी अक्षरांची ओळ सावकाश गिरवली. ती उजवीकडून वाचतात, एवढं त्यांना कुणीतरी कधीतरी सांगितलं होतं.