प्रसूतीनंतरचे मन आणि संप्रेरके

मागील सर्वसाधारण सभेत एका सन्माननीय विश्वस्तांनी पृच्छा केली होती की, प्रसूती विभागाच्या खर्चात समुपदेशकाचे मानधन कशासाठी? प्रश्न रास्त होता. मी वाणिज्य शाखेचा पदवीधर. उत्तर मलाही विभागातील डॉक्टरांकडूनच समजून घ्यावे लागले.

गर्भारपणात इस्ट्रोजेन व प्रोजेस्टेरॉन या संप्रेरकांची पातळी नेहमीच्या अनेक पटींनी वाढते. त्यांचा पुरवठा मुख्यत्वे वारेतून होतो. वार पडली की तो उगमच संपतो आणि नऊ महिन्यांत चढलेली पातळी अवघ्या काही दिवसांत खाली येते. ही संप्रेरके मेंदूतही कार्य करतात. प्रोजेस्टेरॉनपासून अ‍ॅलोप्रेग्नॅनोलोन नावाचे द्रव्य तयार होते व ते मेंदूला शांतवणाऱ्या ‘गाबा’ यंत्रणेस बळ देते. हा आधार एकाएकी निघून जातो. त्यामुळे तिसऱ्या-चौथ्या दिवशी, म्हणजे घरात पाचवीच्या पूजेची धांदल सुरू असताना, बाळंतिणीला कारणाविना रडू येते. निम्म्याहून अधिक मातांना हा अनुभव येतो आणि दोन आठवड्यांत तो ओसरतो.

मात्र काहींच्या बाबतीत तो ओसरत नाही. पातळी तर सर्वांचीच घसरते, मग आजार मोजक्यांनाच का? इ. स. २००० मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात १६ स्त्रियांना औषधांद्वारे ही संप्रेरके वाढवून नंतर बंद करण्यात आली. पूर्वी प्रसूतीनंतर नैराश्य आलेल्या आठपैकी पाच जणींचे मन पुन्हा खचले. तसा पूर्वेतिहास नसलेल्या आठपैकी एकीचेही नाही. म्हणजे घसरण तीच, पण ती सोसण्याची मेंदूची क्षमता वेगवेगळी. याला ‘नखरे’ किंवा ‘बाहेरची बाधा’ म्हणणाऱ्यांनी हा आकडा लक्षात घ्यावा.

तथापि सारा दोष संप्रेरकांच्या खात्यावर टाकणेही योग्य नव्हे. गोव्यातील २७० मातांचा अभ्यास २००२ साली प्रसिद्ध झाला. त्यात सहा ते आठ आठवड्यांनी २३ टक्के मातांमध्ये नैराश्य आढळले. दारिद्र्य, पतीशी बिघडलेले संबंध आणि मुलगी जन्मणे ही त्यामागील कारणांत होती. मुलगी झाली म्हणून पेढ्यांऐवजी नुसतीच बर्फी वाटणारी, वा काहीच न वाटणारी कुटुंबे आमच्या दालनांतही दिसतात.

हा आजार बरा होतो. समुपदेशन उपयोगी पडते. गरज भासल्यास स्तनपान चालू ठेवून घेता येतील अशी औषधेही आहेत. भास होणे, झोप पूर्णपणे उडणे, असंबद्ध बोलणे ही लक्षणे मात्र तातडीची समजून मातेस त्याच दिवशी रुग्णालयात आणावे.

सहाव्या आठवड्यात बाळाच्या लसीकरणास आलेल्या मातेस आमच्याकडे दहा प्रश्नांची एक प्रश्नावली देतात. जिला वाचता येत नाही, तिला परिचारिका बाजूच्या खोलीत, नातेवाइकांना बाहेर थांबवून, वाचून दाखवितात. दहावा प्रश्न स्वतःस इजा करण्याच्या विचारांविषयी आहे. त्याचे उत्तर होकारार्थी आल्यास, समुपदेशकाची व डॉक्टरांची भेट झाल्याखेरीज ती माता घरी जात नाही.